परत आलेल्या यानाची साक्ष

१ फेब्रुवारी २००३. शनिवारची रात्र, आठ वाजून गेलेले. परळच्या आमच्या चाळीत त्या वेळी प्रत्येक दारातून बातम्यांचाच आवाज येत होता. कोलंबिया हे स्पेस शटल जमिनीवर उतरायला सोळा मिनिटं उरली असताना टेक्सासच्या आकाशात तुटलं होतं. आतले सातही जण गेले होते आणि त्यांत आपल्या कर्नालची कल्पना चावला होती. शेजारच्या काकूंनी घरातलंच माणूस गेल्यासारखा पदर डोळ्यांना लावला होता.

माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणायचो, त्या रात्री काहीच बोलले नाहीत. चार दिवसांनी पेपरात आलं की उड्डाणाच्या वेळी बाहेरच्या इंधनाच्या टाकीवरचा फोमचा एक तुकडा सुटून यानाच्या डाव्या पंखावर आदळला होता, आणि ते चित्रीकरणात दुसऱ्याच दिवशी दिसलंही होतं. अण्णांनी पेपर खाली ठेवला आणि विचारलं, "सोळा दिवस वर होतं ना ते? मग कुणी वाकून बघितलं का नाही?"

हा प्रश्न त्यांच्या नोकरीतून आलेला होता. अण्णा रेल्वेत, यार्डात, गाडी तपासणाऱ्या माणसांत होते. लांब पल्ल्याची गाडी येऊन लागली की डब्याखाली वाकून सगळं बघायचं, चाकावर हातोडी मारून नाद ऐकायचा, अॅक्सल बॉक्सला हात लावून तो तापलाय का ते बघायचं, ब्रेक ब्लॉक किती झिजलाय ते बघायचं. काही खटकलं की डबा 'सिक', म्हणजे आजारी. सिक केलेला डबा कापून सिक लाइनवर जायचा आणि गाडी एक डबा कमी घेऊन सुटायची. प्रवासी चिडायचे, वरून फोन यायचे. पण ज्याने डबा सिक केला त्याला विचारल्याशिवाय डबा हलत नसे. "गाडी काल नीट आली म्हणजे आज नीट जाईल असं नसतं, कालच्या प्रवासाने तिला काय केलं ते बघायचं असतं," असं ते म्हणायचे.

पुन्हा पुन्हा वापरायच्या मानवी अंतराळयानांबद्दल मला जे म्हणायचं आहे ते या यार्डातल्या वाक्यात जवळजवळ सगळं आलं आहे. आता भारतही माणूस अंतराळात पाठवायला निघालाय, परत वापरायच्या रॉकेटसाठी सरकारने पैसे मंजूर केलेत. म्हणून हा विषय नुसता अमेरिकेच्या इतिहासाचा उरलेला नाही.

शटलची कल्पना १९७२ साली अमेरिकेने मान्य केली ती स्वस्ताईच्या आश्वासनावर. विमानासारखं यान, जाईल, येईल, इंधन भरून परत जाईल. आठवड्याला एक उड्डाण, दर उड्डाणाला कोटभर डॉलरच्या आसपास खर्च. प्रत्यक्षात १९८१ ते २०११ या तीस वर्षांत १३५ उड्डाणं झाली. सर्वांत धावपळीचं वर्ष १९८५, त्या वर्षी नऊ. सगळा खर्च उड्डाणांनी भागला तर एकेक उड्डाण दीडशे कोट डॉलरच्या घरात गेलं. कोलंबियाच्या अंगावर तीस हजारांहून जास्त उष्णतारोधक टाइल्स होत्या, जवळपास प्रत्येकीचा आकार वेगळा, आणि परत आल्यावर त्या हाताने तपासाव्या लागत. वापरलेली वस्तू पुन्हा वापरण्यायोग्य करणं हे नवी बनवण्याइतकंच कष्टाचं काम असू शकतं, हे शटलने दाखवलं. पण पैशाचा हिशेब चुकला तर तो पुढे दुरुस्त करता येतो. माझा मुद्दा वेगळा आहे.

चॅलेंजर या दुसऱ्या शटलचा अपघात बघा. २८ जानेवारी १९८६, उड्डाणानंतर ७३ सेकंद. कारण आता शाळेतल्या मुलांनाही माहीत आहे: बाजूच्या घन इंधनाच्या बूस्टरचे भाग जिथे जोडले जातात तिथली रबरी रिंग, ओ-रिंग, थंडीने कडक झाली, सांध्यातून आग बाहेर आली. भौतिकशास्त्रज्ञ रिचर्ड फाइनमन यांनी चौकशीच्या सुनावणीत त्या रबराचा तुकडा बर्फाच्या पाण्यात बुडवून तो कसा लवचिकपणा हरवतो ते सगळ्यांसमोर दाखवलं, तो प्रसंग प्रसिद्धच आहे. त्या मानाने कमी सांगितली जाणारी गोष्ट अशी की हे बूस्टर पुन्हा वापरायचे होते. ते पॅराशूटने समुद्रात उतरत, जहाजं त्यांना ओढून किनाऱ्याला आणत, आणि त्यांचे भाग रेल्वेने युटामधल्या कारखान्यात परत जात. तिथे ते उघडले जात. म्हणजे दर उड्डाणानंतर सांध्यात काय घडलं याचा पुरावा कारखान्याच्या टेबलावर येऊन पडत होता.

आणि पुरावा बोलत होता. नोव्हेंबर १९८१च्या दुसऱ्याच उड्डाणानंतर रिंग खाल्ली गेल्याचं दिसलं. जानेवारी १९८५मध्ये डिस्कव्हरी हे शटल थंडीत उडालं, त्याच्या सांध्यात दोन रिंगांच्या मधे काळीकुट्ट काजळी सापडली. गरम वायू पहिली रिंग ओलांडून गेला होता. एकदा वापरून फेकायचं रॉकेट असतं तर ही काजळी समुद्राच्या तळाशी गेली असती, कुणाला कळलंच नसतं. इथे ती हातात आली, नोंदली गेली, तिच्यावर बैठका झाल्या, आणि उड्डाणं चालू राहिली. का? कारण प्रत्येक वेळी यान सुखरूप परत येत होतं. रिंग थोडी जळते पण निभावतं, असं म्हणता म्हणता रिंग थोडी जळणं हेच नेहमीचं झालं. २७ जानेवारीच्या रात्री फोनवरच्या बैठकीत बूस्टर बनवणाऱ्या कंपनीचे इंजिनिअर सांगत होते की इतक्या थंडीत उडवू नका. त्यांच्यातल्या एका वरिष्ठाला सांगण्यात आलं की इंजिनिअरची टोपी काढ आणि मॅनेजरची घाल. उडवणं सुरक्षित आहे हे सिद्ध करण्याऐवजी उडवणं धोक्याचं आहे हे सिद्ध करण्याचं ओझं इंजिनिअरांवर टाकलं गेलं. यार्डाच्या भाषेत, डबा फिट आहे हे कुणी दाखवायचं नाही, तो सिक आहे हे अण्णांनी पुराव्यानिशी पटवायचं, आणि तेही गाडी सुटायच्या वेळेआधी.

डायान व्हॉन या समाजशास्त्रज्ञ बाईंनी या वृत्तीचा मोठा अभ्यास केला आणि तिला एक जड इंग्रजी नाव दिलं. मराठीत आपल्याकडे तिच्यासाठी आधीपासून शब्द आहे: चालवून घेणं. मुंबईकराला तो समजावून सांगावा लागत नाही. लोकलच्या दरवाजात लटकणारा माणूस रोज सुखरूप घरी पोहोचतो, आणि त्याचं रोज पोहोचणं हाच त्याच्या सुरक्षिततेचा दाखला ठरतो. ९ जून २०२५ला मुंब्र्याजवळ दरवाजात लटकलेले लोक खाली पडले, काही जण गेले. त्याच्या आदल्या आठवड्यात तीच माणसं तशीच लटकून तिथूनच गेली असतील. काल काही झालं नाही, याचा अर्थ काल धोका नव्हता असा होत नाही. फाइनमन यांनी हेच पिस्तुलाच्या जीवघेण्या खेळाचं उदाहरण देऊन लिहिलं होतं: पहिल्या वेळी गोळी सुटली नाही म्हणून दुसऱ्या वेळी निर्धास्त राहता येत नाही. त्यांना असंही आढळलं की यान गमावण्याची शक्यता वरचे अधिकारी लाखात एक धरत होते आणि प्रत्यक्ष काम करणारे इंजिनिअर शंभरात एक. लाखात एक म्हणजे रोज एक उड्डाण केलं तर तीनशे वर्षांत साधारण एक अपघात. शटलने १३५ उड्डाणांत दोन यानं आणि चौदा माणसं गमावली.

पुढच्यास ठेच, मागचा शहाणा, असं आपण म्हणतो. इथे ठेच लागलेला माणूसच सतरा वर्षांनी त्याच दगडावर आदळला. फोमचे तुकडे पहिल्या उड्डाणापासून सुटत होते. यान परत आलं की टाइल्सवर खळगे दिसत, मोजले जात, बुजवले जात. डिसेंबर १९८८मध्ये बूस्टरच्या टोकावरचं आवरण सुटून अटलांटिस या शटलच्या सातशेहून जास्त टाइल्सना इजा झाली होती, तरी ते उतरलं. ऑक्टोबर २००२मध्ये, म्हणजे कोलंबियाच्या दोनच उड्डाणं आधी, टाकीच्या त्याच जागेवरून मोठा तुकडा सुटला आणि बूस्टरवर आपटला. उड्डाणं थांबली नाहीत. त्या काळात अंतराळ स्थानकाचा एक भाग १९ फेब्रुवारी २००४पर्यंत पोहोचवायचं ठरलं होतं, आणि व्यवस्थापकांच्या कॉम्प्युटरवर त्या तारखेला किती दिवस उरले ते मोजणारा स्क्रीनसेव्हर धाडण्यात आला होता. कोलंबिया वर असताना इंजिनिअरांनी पंखाचे फोटो काढून मागण्यासाठी तीनदा प्रयत्न केले. फोटो काढले गेले नाहीत. अपघातानंतर प्रयोगशाळेत तसाच फोमचा तुकडा, पाऊण किलोचा, ताशी ८०० किलोमीटरच्या आसपास वेगाने पंखाच्या पुढच्या कडेवर मारला, तेव्हा हातभर रुंद भोक पडलं. अण्णांचा प्रश्न आणि चौकशी मंडळाचा प्रश्न एकच निघाला.

यावर काही जण म्हणतात, मग रशियाचं सोयुझच बरं. दर वेळी नवं यान, १९७१नंतर एकही अंतराळवीर गेलेला नाही, आणि आपले राकेश शर्मा १९८४ला त्यातूनच गेले. खरं आहे. पण सोयुझ नवं असतं म्हणून माणसं वाचली, हे मला पटत नाही. १९८३ला सोयुझचं रॉकेट तळावरच पेटलं आणि २०१८ला उड्डाणात बिघडलं, दोन्ही वेळा माणसं वाचली ती रॉकेटपासून यान तोडून दूर नेणाऱ्या यंत्रणेमुळे. शटलला अशी यंत्रणा नव्हती. पहिल्या चार चाचणी उड्डाणांत दोन वैमानिकांसाठी बाहेर फेकल्या जाणाऱ्या खुर्च्या होत्या, नंतर त्याही बंद केल्या. घन इंधनाचे बूस्टर एकदा पेटले की विझवता येत नाहीत, आणि शटल त्या पेटलेल्या बूस्टरांच्या बाजूला बांधलेलं होतं, डोक्यावर बसवलेलं नव्हतं. यान इतकं भरवशाचं होईल की सुटकेची गरजच पडणार नाही, असा विश्वास त्यामागे होता. आज स्पेसएक्स या अमेरिकन कंपनीचं स्टारशिप माणसं नेण्याच्या उद्देशाने बांधलं जातंय, त्याच्याही आराखड्यात माणसांना वेगळं काढून नेणारी यंत्रणा नाही. जानेवारी आणि मार्च २०२५मध्ये त्याच्या दोन चाचण्या आकाशातच फुटल्या आणि विमानांना मार्ग बदलावे लागले. आत कुणी नव्हतं. ज्या दिवशी कुणी असेल त्या दिवसासाठी हा प्रश्न आत्ताच विचारायला हवा.

तरीही मी पुनर्वापराच्या बाजूची आहे, आणि नाइलाजाने नाही. परत आलेलं यान साक्षीदार असतं. एप्रिल २०१९ची गोष्ट घ्या. स्पेसएक्सच्याच क्रू ड्रॅगन या माणसं नेणाऱ्या यानाची पहिली कुपी मार्चमध्ये माणसांविना स्थानकावर जाऊन सुखरूप परत आली होती. तीच कुपी जमिनीवर बांधून तिच्या सुटकेच्या इंजिनांची चाचणी घेताना तिचा स्फोट झाला. कारण निघालं ते असं: ऑक्सिडायझर, म्हणजे इंधन जाळायला लागणारा द्रव, थोडा गळून हेलियमच्या नळीत साचला होता, आणि दाब वाढताच तो टायटॅनियमच्या झडपेवर जोराने आदळला. टायटॅनियम अशा प्रकारे पेटू शकतं हे त्यानंतर नीट समजलं. झडपांच्या जागी फुटणाऱ्या चकत्या आल्या, आणि वर्षभराने दोन माणसं ड्रॅगनमधून सुरक्षित गेली. ती कुपी परत आली नसती, किंवा परत आल्यावर तिला फिट म्हणून बाजूला ठेवलं असतं, तर? २०२१पासून ड्रॅगनच्या वापरलेल्या कुप्यांमधून माणसं जातायत. मला त्याची भीती वाटत नाही. प्रत्येक कुपी उघडून बघितली जात असेल तर जुनी कुपी नव्या कुपीपेक्षा जास्त ओळखीची असते.

आणि आता आपल्या घरची गोष्ट. जून २०२५मध्ये शुभांशू शुक्ला ज्या रॉकेटवरून जाणार होते त्याचा पहिला टप्पा आधी एकदा उडून परत आलेला होता. त्या पहिल्या फेरीत, खाली येताना, द्रवरूप ऑक्सिजन गळत असल्याचं दिसलं होतं. मधल्या दुरुस्तीत ती गळती पूर्णपणे बुजवली गेली नव्हती. उड्डाणाआधी जमिनीवर इंजिनं पेटवून बघितली तेव्हा ती पुन्हा दिसली. इस्रोचे अध्यक्ष व्ही. नारायणन आणि त्यांचं पथक तिथे, फ्लोरिडात होतं. जागेवर दुरुस्त करा किंवा भाग बदला, आणि थंड तापमानात गळतीची चाचणी झाल्याशिवाय उडवू नका, असा आग्रह त्यांनी धरला. उड्डाण पुढे गेलं. मग स्थानकाच्या रशियन भागातल्या हवेच्या गळतीसाठी आणखी लांबलं, आणि शेवटी २५ जूनला शुक्ला गेले, १५ जुलैला परत आले. मुंब्र्याची दुर्घटना आणि हा आग्रह एकाच आठवड्यातले. भारतीय इंजिनिअरांनी परक्या देशात, परक्या कंपनीचं रॉकेट सिक केलं, याचा मला त्या उड्डाणापेक्षाही जास्त अभिमान वाटला. अण्णा असते तर त्यांनी चाळभर सांगितलं असतं.

असा निर्णय घेणाऱ्याच्या वाट्याला पुढे काय येतं तेही बघायला हवं. २०२४मध्ये बोइंग कंपनीचं स्टारलाइनर यान सुनीता विल्यम्स आणि बुच विल्मोर यांना घेऊन वर गेलं, हेलियम गळायला लागला, दिशा देणारी छोटी इंजिनं दगा देऊ लागली. नासाने त्यांना स्थानकावरच ठेवलं आणि यान रिकामं खाली आणलं. ते नीट उतरलं. लगेच लोक म्हणू लागले, बघा, उगाच घाबरले, माणसं आली असती की सुखरूप. हेच ते चालवून घेणं, पश्चातबुद्धीच्या रूपात. रिकामं यान नीट उतरलं म्हणून त्यात माणसं न बसवण्याचा निर्णय चूक ठरत नाही. कोलंबियाच्या वेळी जे ऐकलं गेलं नाही ते इथे ऐकलं गेलं, आणि त्याचं कौतुक व्हायला हवं होतं.

गगनयानकडे मी याच नजरेने बघते. त्याच्या उभारणीत मुंबईचंही काम आहे. विक्रोळीला गोदरेजमध्ये विकास इंजिनं बनतात, पवईच्या एल अँड टीमध्ये घन इंधनाच्या बूस्टरचे प्रचंड नळकांडे बनतात. गगनयान नेणाऱ्या एलव्हीएम-३ रॉकेटचे ते दोन एस-२०० बूस्टरही शटलच्या बूस्टरसारखेच, एकदा पेटले की विझवता न येणारे. पण इथे यान डोक्यावर आहे आणि त्याला सुटकेची यंत्रणा आहे. २१ ऑक्टोबर २०२३ला तिची उड्डाणातली पहिली चाचणी झाली. उड्डाणाला पाच सेकंद उरले असताना संगणकाने मोजणी थांबवली होती. कारण शोधलं, दुरुस्त केलं आणि मग यान सोडलं. माझ्या दृष्टीने त्या सकाळचा सर्वांत चांगला क्षण तो थांबण्याचा होता. गगनयानला वर्षांमागून वर्षं उशीर होतोय म्हणून टीव्हीवर जे अधीर होतात त्यांना मला एवढंच सांगायचंय की उशिराची भरपाई होते.

माझी मागणी एकच आहे, आणि ती आता, माणूस बसायच्या आधी मान्य व्हायला हवी: यान परत आल्यावर ते उघडून जे दिसलं ते लोकांना वाचायला मिळालं पाहिजे. ऑगस्ट २०२१ला जीएसएलव्ही-एफ१० हे रॉकेट फसलं, तेव्हा इस्रोने कारण जाहीर केलं, हायड्रोजनच्या टाकीवरच्या झडपेतली गळती. वाचून कुणाचाही इस्रोवरचा विश्वास कमी झाला नाही. मात्र १८ मे २०२५ला पीएसएलव्ही-सी६१ तिसऱ्या टप्प्यात फसलं, आणि पुढे महिनोन्‌महिने त्याचा सविस्तर अहवाल लोकांसमोर आला नाही. यावर उत्तर मिळतं की तंत्रज्ञान गोपनीय आहे, शत्रू टपलेले आहेत. या उत्तरात तथ्य नाही असं मी म्हणत नाही, काही पानं झाकावी लागतील. पण चॅलेंजरचा अहवाल साडेचार महिन्यांत आणि कोलंबियाचा सात महिन्यांत छापून जगासमोर आला, शीतयुद्धातल्या अमेरिकेनेही पहिला झाकून ठेवला नाही. इस्रोच्या आत अशी माणसं नक्की आहेत जी डबा सिक करू शकतात. फ्लोरिडात त्यांनी ते केलं. प्रश्न आपल्याच तळावर, आपल्याच पंतप्रधानांनी तारीख सांगितलेली असताना, सगळ्या वाहिन्यांचे कॅमेरे लागलेले असताना ते करता येईल का, हा आहे. त्या क्षणी त्या इंजिनिअरच्या पाठीशी काय असेल? मागच्या प्रत्येक फेरीत काय जळलं, काय गळलं, काय सुटलं याची नोंद बाहेरच्या लोकांनीही वाचलेली असेल, तर त्याला फोनवरून गप्प करणं सोपं राहत नाही.

पुनर्वापराची सुरुवात आपल्याकडे झालेलीच आहे. चित्रदुर्गच्या धावपट्टीवर पुष्पक हे पंखांचं छोटं यान चिनूक हेलिकॉप्टरने साडेचार किलोमीटर उंचावर नेऊन सोडलं गेलं आणि ते स्वतःहून उतरलं. मार्च २०२४मध्ये जे उतरलं तेच यान, तोच सांगाडा, त्याच यंत्रणा, काही न बदलता जून २०२४मध्ये पुन्हा उतरवल्या. सप्टेंबर २०२४मध्ये परत वापरायच्या पहिल्या टप्प्याचं नवं रॉकेट बांधायला ८,२४० कोटी रुपये मंजूर झाले. २०३५पर्यंत स्वतःचं स्थानक हवं आहे, म्हणजे माणसांची ने-आण, आणि कधी ना कधी वापरलेल्या यानातून.

मी शाळेत शिकवते. वर्गाला वरळीच्या तारांगणात नेलं होतं तेव्हा पुष्पकच्या त्या उतरण्याबद्दल मुलांना सांगितलं: तिसऱ्या वेळी, म्हणजे त्या जूनमध्ये, ते ताशी ३२० किलोमीटरहून जास्त वेगाने जमिनीला टेकलं, आपलं नेहमीचं प्रवासी विमान २६०ला टेकतं, मग मागे छत्री उघडली आणि वेग शंभरावर आला. सातवीतल्या एका मुलीने लगेच विचारलं, "बाई, मग टायर किती झिजले?" मला ते सांगता आलं नाही. तिला ते कुठेतरी वाचता यायला हवं.